कोरा कागद वाचणारे

अंबरनाथचं शिवमंदिर पांडवांनी एका रात्रीत बांधलं, कोंबडा आरवला आणि शिखर अपुरं राहिलं, ही गोष्ट आमच्या बदलापुरात पोराटोरांनाही ठाऊक असायची. आजी तिला आणखी एक जोडायची. हेमाडपंत लंकेला गेला, तिथल्या राक्षसांची लिपी शिकला आणि तीच मोडी म्हणून देवगिरीला घेऊन आला. आजीच्या लेखी देऊळ काय नि मोडी काय, साध्या माणसाच्या हातची कामं नव्हतीच.

तात्या, म्हणजे माझे आजोबा, ही राक्षसांची लिपी उमेदवारीत शिकले. तेव्हा बदलापूर कल्याण तालुक्यात होतं. थोडंफार शिकलेला मुलगा कचेरीत उमेदवार म्हणून बसे. पगार नाही. जागा रिकामी होईपर्यंत जुन्या कारकुनाशेजारी मांडी घालून नकला करायच्या, दप्तरांचे रुमाल सोडायचे, पुन्हा बांधायचे. सुरुवातीला तर नुसती रेघ. मोडीत आधी कागदाच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत रेघ ओढतात आणि मग अक्षरं तिला खालून लावत जातात. रेघ वाकली की सगळी ओळ वाकली. मग बोरू तासणं, त्याची जीभ तिरकी छाटणं. शाई संपेल तेव्हाच बोरू उचलायचा. रामदासांनी दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकाचा पहिला समास लेखनक्रियेलाच वाहिला आहे. ब्रह्मज्ञान सांगणाऱ्या ग्रंथात कागद, शाई आणि ओळींमधल्या अंतराची काळजी केलेली पाहिली की लिहिण्याला केवढा मान होता ते कळतं.

तात्यांची आवडती गोष्ट बाळाजी आवजी चिटणीसांची. शिवाजी महाराजांनी एक पत्र लिहायला सांगितलं होतं. कामाच्या गर्दीत ते राहून गेलं. महाराजांनी वाचून दाखवायला सांगितलं, तर बाळाजींनी हातातला कोरा कागद समोर धरला आणि पहिल्या शब्दापासून शेवटच्यापर्यंत पत्र खडाखड वाचलं. आम्ही पोरं म्हणायचो, जादू! तात्या मान हलवायचे. ‘जादू नाही रे, मायना,’ म्हणायचे. कुणाला कोणते किताब लावायचे, आशीर्वाद लिहायचा की दंडवत, तारीख कोणत्या सनात घालायची, मजकूर कुठे संपवायचा, हे चिटणिसाच्या तोंडात असे. राहिला फक्त त्या दिवसाचा मुद्दा, आणि तो डोक्यात पक्का असला की कागद कोरा असला काय आणि भरलेला असला काय! घडलं तसंच सांगितलं गेलं की नाही, याचा मी आता विचार करत नाही. लिहिणाऱ्याची उमेदवारी म्हणजे काय, ते या गोष्टीइतकं स्पष्ट मला कुणी सांगितलं नाही.

जुनं लेखन वाचणं किती जोखमीचं, याचा दाखला अंबरनाथच्या त्या देवळातच आहे. तिथल्या शिलालेखातला शक डॉ. भाऊ दाजींनी ७८२ असा वाचला. पुढे भगवानलाल इंद्रजींनी तो ९८२ असल्याचं दाखवलं. एका आकड्याने देऊळ दोनशे वर्षं अलीकडे आलं, आणि आज आपण १०६० साल, शिलाहार राजा मुम्मुणी असं निःशंक सांगतो. भाऊ दाजी काही साधा माणूस नव्हे. एवढ्या मोठ्या विद्वानाचीही नजर दगडावर फसू शकते. आजीच्या हेमाडपंताचा जन्मही या देवळानंतरचा. तो तेराव्या शतकात यादवांच्या दरबारी होता.

अशीच उमेदवारीने शिकायची आणखी एक लिपी तात्यांना उल्हासनगरात भेटली. उल्हासनगरला आम्ही तेव्हा कॅम्पच म्हणत असू. युद्धकाळातली कल्याणची लष्करी छावणी, फाळणीनंतर तिच्या बराकींत सिंधी कुटुंबं आली, आणि ८ ऑगस्ट १९४९ ला राजगोपालाचारींच्या हस्ते उल्हासनगर झालं. तिथल्या एका म्हाताऱ्या कापडवाल्याशी तात्यांची दोस्ती होती. तात्या त्यांना दादा म्हणत. दादांची वही हटवाणिकीत, म्हणजे सिंधी दुकानदारांच्या लिपीत. तीही पेढीवर, वडीलधाऱ्यांच्या शेजारी बसूनच शिकायची. सिंध मुंबई इलाख्यात असताना, १८६८ मध्ये, हटवाणिकीच्या घराण्यातल्या लिपीला शाळेत आणण्याचं काम नारायण जगन्नाथ वैद्य या शिक्षणाधिकाऱ्याकडे आलं होतं. कराचीतली एन. जे. व्ही. शाळा त्यांच्याच नावाची. दोघे म्हातारे एकमेकांच्या वह्या उघडून बसत. अक्षर एकाचं दुसऱ्याला लागत नसे, पण हात किती सराईत आहे ते दोघांनाही लगेच कळे. आणि दोघांच्याही नातवंडांना आपापल्या आजोबांचं लेखन वाचता येत नव्हतं.

स्वातंत्र्यानंतर मोडी शाळेतून गेली आणि कचेरीत उमेदवारीला बसणारा मुलगाही गेला. हे नुकसान नुसतं हळहळण्यापुरतं नाही. पुण्याच्या पुराभिलेखागारात मोडीचे कोट्यवधी कागद आहेत आणि ते वाचणारे फार थोडे. २०२३ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीने कुणबी नोंदी शोधायला घेतल्या, तेव्हा गावोगाव मोडी वाचकांचा शोध सुरू झाला. जन्ममृत्यूच्या वह्या, कोतवाल बुकं, खरेदीखतं, बरंचसं मोडीत. माणसांचे हक्क त्या रेघेखाली लटकलेले, आणि ते वाचायला माणूस मिळेना.

बदलापूर-अंबरनाथच्या जुन्या वाड्यांच्या जागी आता इमारती उभ्या राहतात. वाडा पाडताना माळ्यावरची गाठोडी रद्दीत जातात. तुमच्या घरी असं गाठोडं असेल तर ते टाकू नका. घड्या जबरदस्तीने उलगडू नका, चिकटपट्टी लावू नका, कोरड्या जागी ठेवा आणि जाणत्याला दाखवा. घरातल्या एखाद्या मुलाला मोडीच्या वर्गात घाला. शासनाचं पुराभिलेख संचालनालयही असे वर्ग घेतं. मुळाक्षरं थोड्या दिवसांत येतात. वाचन यायला मात्र जुन्या कागदांशी बरेच दिवस उमेदवारी करावी लागते, तेवढी करायची तयारी ठेवा.