मांजराची उडी

शनिवारच्या वर्गात प्रत्येक मुलाचं मांजर पहिल्या दिवशी लिफ्टसारखं उडतं. दहा वेळा वर, दहा वेळा खाली, वेग तोच. स्क्रॅच या मुलांच्या प्रोग्रॅमिंग भाषेत 'वाय १०ने बदला' हाच मांजराला वर-खाली हलवणारा ठोकळा आधी हाती लागतो, त्याला मुलं तरी काय करणार! पण चिंचा पाडायला दगड भिरकावलेला असतो ना, त्यामुळे काहीतरी चुकतंय हे मी न सांगताच त्यांना कळतं.

पडद्यावरच्या खेळांच्या इतिहासात मात्र गुरुत्वाकर्षण अगदी आधी आलं. १९५८ साली अमेरिकेतल्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेत विल्यम हिगिनबॉथम यांनी पाहुण्यांच्या करमणुकीसाठी टेनिस मांडलं. त्यांच्या अ‍ॅनालॉग संगणकाच्या माहितीपुस्तकात उसळत्या चेंडूचा मार्ग काढायची रीत दिलेली होती. पडदा म्हणजे ऑसिलोस्कोपची इवलीशी गोल काच, पण त्यावरचा ठिपका जाळीवरून कमान घेऊनच जायचा. १९६२च्या 'स्पेसवॉर'मध्येही मधला तारा दोन्ही यानांना आपल्याकडे ओढायचा.

मुलांसाठी प्रोग्रॅमिंगची भाषा झाली ती १९६७मध्ये, लोगो. पुढे तिच्यात कासव आलं. ते सांगाल तेवढं चालायचं आणि जागीच थांबायचं. वेग त्याच्या गावीही नव्हता. मग एमआयटीत दुसरं कासव घडलं, डायनाटर्टल. याला चालवता येत नसे, फक्त लाथ मारता येई. एकदा मारली की ते सरकतच राही. आंद्रेया डिसेसा यांनी ते शाळकरी मुलांपुढे ठेवलं. वर निघालेलं कासव उजवीकडे वळवायला मुलं उजवीकडे लाथ मारत. कासव तिरकं जाई, मुलं चक्रावत. लाथ मारू तिकडेच कासव जाईल, ही चूक डिसेसा यांच्या १९८२च्या लेखात अ‍ॅरिस्टॉटलच्या नावावर मांडली आहे. माझ्या मते या सगळ्या इतिहासातला सर्वांत शहाणा प्राणी हे कासवच.

२००७मध्ये एमआयटीच्याच मीडिया लॅबमधून स्क्रॅच आलं आणि त्यातलं मांजर पुन्हा पहिल्या कासवाच्या वळणावर गेलं: जागा बदलता येते, वेगाचा ठोकळाच नाही. तो आपण करायचा. 'वेग' नावाचं चल घ्यायचं. उडी मारताना त्यात १० भरायचे. मग दर फेरीला वाय वेगाने बदलायचा आणि वेगातून १ वजा करायचा. बस्स. मांजर १०, ९, ८ करत ५५ पायऱ्या वर जातं, रेंगाळतं आणि वेग वाढवत खाली येतं. आडव्या वेगाला दर फेरीला ०.९ने गुणलं की ते घसरत थांबतं. हे सगळं मी फळ्यावर लिहून द्यायचो, तेव्हा मुलं नुसतं उतरवून घ्यायची. आता लिफ्टवालं मांजर त्यांना तासभर खेळू देतो.

गेल्या महिन्यात सातवीतल्या एका मुलीने १ऐवजी एक-षष्ठांश वजा केला. चंद्रावर ओढ तेवढीच असते, असं तिने पुस्तकात वाचलं होतं. मांजर ३०५ पायऱ्या वर गेलं. स्क्रॅचच्या मंचाची एकूण उंची ३६० आहे.