रानानें झांकलेलीं नगरें

आमच्या मुकुटबनाच्या नांवांतच 'बन' आहे. यवतमाळ जिल्ह्याच्या आग्नेय कोपऱ्यांतील हा मुलूख सागवानाचा आणि कापसाचा. जमिनीच्या पोटांत कोळसा व चुनखडी. या बाजूस एखादें गांव सरकारी दप्तरांत असतें, पण जागेवर एकहि घर नसतें. अशा गांवास लोक 'रिठी' म्हणतात. माणसें गेलीं, विहीर बुजली, घरांचीं जोतीं मुळांनीं उकललीं. तरी पटवाऱ्याच्या कागदावर नांव आणि शीव कायम राहते. मध्य अमेरिकेंतील माया लोकांच्या नगरांविषयीं वाचीत असतां मला प्रथम स्मरण झालें तें या रिठी गांवांचें.

ग्वाटेमाला देशाच्या उत्तरेस, पेतेनच्या घनदाट अरण्यांत, तिकाल हें नगर आहे. उंच वृक्षांच्या शेंड्यांवर डोकें काढून त्याचीं देवळें उभीं आहेत. त्यांतील सर्वांत उंच देऊळ सुमारें ६५ मीटर भरतें. यांना पिरॅमिड म्हणण्याची रीत पडली आहे. परंतु जोत्यावर जोतें चढवून माथ्यावर देवघर ठेवलेली ही रचना आपल्या मंदिराच्या कल्पनेस अधिक जवळची आहे. आंत दगडमातीचा भराव, बाहेरून घडीव दगडांचें आवरण, आणि पुष्कळदां जुन्या देवळावरच नवें रचलेलें. तिकालचा शेवटचा मितीचा शिलास्तंभ इ.स. ८६९ चा आहे. आपसांतील युद्धें, वारंवारचें अवर्षण आणि जंगलतोड यांनीं मिळून हीं नगरें ओस पडलीं, असें विद्वान मानतात.

१८३९ मध्यें स्टीफन्स हा प्रवासी व कॅथरवूड हा चित्रकार कोपानच्या अवशेषांत शिरले, आणि तेथपासून 'हरवलेलीं नगरें' हा शब्द जगाच्या तोंडीं बसला. पण हरवलें होतें काय? माया वंशाचे लाखों लोक त्याच प्रदेशांत आजहि राहतात व आपल्या भाषा बोलतात. हरवली ती पूर्वजांचें लेखन वाचण्याची विद्या. १५६२ मध्यें मानी या गांवीं दिएगो दे लांदा या स्पॅनिश धर्मोपदेशकानें त्यांचे ग्रंथ जाळले. १९५२ मध्यें क्नोरोझोव्ह या रशियन पंडितानें लिपीची किल्ली दाखविली, तेव्हां कोठें ते दगड पुन्हां बोलूं लागले. नगर राहतें, माणसेंहि राहतात. मधला नांवाचा धागा तेवढा तुटतो.

हा धागा आपल्या विदर्भांतहि तुटला होता. तिकाल भरभराटींत येत होतें त्याच काळीं, पांचव्या शतकांत, येथें वाकाटक राज्य करीत होते. चंद्रगुप्त विक्रमादित्याची कन्या प्रभावतीगुप्ता हिचा पुत्र दुसरा प्रवरसेन यानें प्रवरपूर ही नवी राजधानी केली. तेथून दिलेले ताम्रपट हातीं होते, राजधानी मात्र सांपडेना. महामहोपाध्याय मिराशींनीं ती वर्ध्याजवळच्या पवनार येथें असावी असें मत मांडलें.

रामटेकजवळ मनसर येथें तलावाच्या कांठीं झाडोऱ्यानें झांकलेली एक टेकडी आहे. लोक तिला हिडिंबा टेकडी म्हणत. १९७२ मध्यें मनसरला सांपडलेली शिवाची सुंदर मूर्ति आज दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयांत आहे. पुढें १९९८ च्या सुमारास जगत्पती जोशी व ए. के. शर्मा यांनीं येथें उत्खनन चालविलें, आणि झाडोऱ्याखालून विटांची एक प्रचंड पायऱ्यापायऱ्यांची वास्तु वर आली. विटांचे कप्पे बांधून ते भरावयाचे व त्यांवर पुढचा टप्पा चढवावयाचा, अशी तिची युक्ति. 'प्रवरेश्वर' हें नांव असलेली मुद्राहि मिळाली. येथील कांहीं अवशेष बौद्ध कीं शैव हा वाद आहे. तथापि प्रवरसेनाचें प्रवरपूर तें हेंच, असें आतां अनेक अभ्यासक मानतात.

हिडिंबेची कथा ऐकून सुशिक्षित मनुष्य हंसेल. त्यानें हंसूं नये. राजाचें नांव गांवकरी विसरले, परंतु ही टेकडी इतर टेकड्यांसारखी नव्हे एवढें त्यांनीं विसरूं दिलें नाहीं.

२०१८ मध्यें विमानांतून सोडलेल्या प्रकाशकिरणांच्या साह्यानें उत्तर ग्वाटेमालाच्या सुमारें २१०० चौरस किलोमीटर अरण्याखालीं ६०,००० हून अधिक बांधकामें दिसून आलीं. आपणांस प्रथम एवढें मोठें साधन नको. शेत काळींत आणि वस्ती पांढरींत, हें आपला शेतकरी जाणतो. ज्या माळावर नांगराला पांढरी माती, खापरें किंवा हातभर लांबीची वीट लागते, तेथें कधीं काळीं चूल पेटली होती. खाणीचें यंत्र ही खूण ओळखीत नाहीं. तें कोळसा आणि पांढर एकाच पात्यानें उचलतें. रान वाढलें तर तें नगर झांकतें, पण झांकलेलें पुन्हां उघडतां येतें. खणून वाहून नेलेली पांढर परत मिळत नाहीं. म्हणून आमच्या भागांतील प्रत्येक रिठी गांवाचें नांव, शीव आणि त्याविषयींची दंतकथा खाण तेथवर पोंचण्यापूर्वीं कोणी तरी लिहून ठेवावी. गांवच्या शाळेंतील मुलांनाहि करतां येण्याजोगें हें काम आहे.