दोन कात्र्या : आनंद पटवर्धन यांचे संकलन

१/ माहितीपटाला आधी लिहिलेली पटकथा क्वचितच असते. कॅमेरा घडले ते टिपतो. त्याचा अर्थ मात्र संकलनाच्या टेबलावर ठरतो. मुंबईत १९५० साली जन्मलेले आनंद पटवर्धन आपले बहुतेक माहितीपट स्वतःच संकलित करत आले आहेत. त्यांच्या कारकिर्दीत दोन कात्र्यांचा झगडा दिसतो : एक संकलकाची, दुसरी सत्तेची.

२/ ‘क्रांती की तरंगें’ हा बिहार आंदोलनावरील त्यांचा आरंभीचा माहितीपट. १९७५ मध्ये आणीबाणी आली आणि तो उघडपणे दाखवणे अशक्य झाले. तेव्हा एका प्रतीचे तुकडे करण्यात आले. ते निरनिराळ्या प्रवाशांबरोबर परदेशी गेले आणि तेथे पुन्हा जोडले गेले. येथे फीत कापली गेली ती चित्रपट वाचवण्यासाठी.

३/ अण्वस्त्रे व युद्धज्वर यांवरील ‘जंग और अमन’ला (२००२) सेन्सॉर मंडळाने अनेक काटछाटी सुचवल्या. पटवर्धन न्यायालयात गेले. २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या निकालाने चित्रपट अखंड राहिला.

४/ याआधी, १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये त्यांनी मुंबईतील झोपडपट्ट्यांची पाडापाडी चित्रित केली होती. त्यात शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात.

५/ ११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधासाठी जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. १० जण मरण पावले. त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी जीवनयात्रा संपवली.

६/ पटवर्धनांनी चित्रीकरण सुरू केले ते तब्बल १४ वर्षे चालले. दरम्यान खटला रेंगाळत राहिला. २००९ मध्ये सत्र न्यायालयाने संबंधित पोलीस अधिकाऱ्याला जन्मठेप सुनावली. त्यानंतर २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला.

७/ या चित्रपटात घोगरे यांचे ते जुने चित्रीकरण पुन्हा येते. शाहीर तोच, आवाज तोच, चौकटही तीच. १९८५ मध्ये ती एका शहरावरील फिर्याद होती. आता ती एका माणसाची स्मृती झाली. चित्र बदलले नाही, त्याचे शेजारी बदलले. संकलनाचे सामर्थ्य नेमके येथे आहे. सेन्सॉरची कात्री दृश्य नाहीसे करते. संकलकाची कात्री त्याला योग्य जागी नेऊन ठेवते.

८/ जानेवारी २०१२ मध्ये भायखळ्याच्या बी.आय.टी. चाळीत ‘जय भीम कॉम्रेड’ जाहीरपणे दाखवला गेला. ज्यांची ही कहाणी, त्यांच्याच वस्तीत ती परतली.