अर्स्टेड पेडर्सन, नील्स-हेनिंग
(२७ मे १९४६–१९ एप्रिल २००५). विख्यात डॅनिश जॅझ संगीतकार व डबल बास-वादक. जन्म डेन्मार्कच्या झीलंड बेटावरील ऑस्टेड या गावी. आई चर्चमध्ये ऑर्गनवादक होती. प्रारंभी तो पियानो शिकला. पुढे खर्ज स्वरांच्या डबल बास या तंतुवाद्याकडे वळला.

त्याच्या उमेदवारीच्या काळात कोपनहेगन हे यूरोपीय जॅझचे एक प्रमुख केंद्र होते. वर्णभेदाला कंटाळलेल्या अनेक अमेरिकन कृष्णवर्णीय वादकांना यूरोपात काम व सन्मान मिळत होता. डेक्स्टर गॉर्डन, बेन वेब्स्टर, केनी ड्रू इ. वादकांनी कोपनहेगन येथे दीर्घकाळ वास्तव्य केले. तेथील ‘माँमार्त्र’ या जॅझगृहात त्यांना साथ करीत पेडर्सनचे शिक्षण झाले. १९६२ मध्ये, वयाच्या पंधराव्या वर्षी, त्याने बड पॉवेल या पियानोवादकाच्या ध्वनिमुद्रणात साथ केली. सतराव्या वर्षी काउंट बेसीने त्याला आपल्या वाद्यवृंदात बोलाविले. तथापि त्याने ते निमंत्रण स्वीकारले नाही. डेन्मार्कमध्येच राहून त्याने आंतरराष्ट्रीय कीर्ती मिळविली.

जॅझमध्ये डबल बासचे कार्य मुख्यतः लय सांभाळण्याचे व स्वरसंवादाचा पाया पुरविण्याचे. उजव्या हाताची अनेक बोटे वापरून तारा छेडण्याच्या तंत्रामुळे पेडर्सनच्या वादनाला असामान्य गती लाभली आणि या अवजड वाद्यावर गिटारप्रमाणे प्रवाही स्वरावली वाजविणे त्याला साधले. मात्र साथीची जबाबदारी त्याने कधी गौण मानली नाही. केनी ड्रूसमवेतच्या ड्युओ (१९७३) या ध्वनिमुद्रिकेत अमेरिकन जॅझबरोबर डॅनिश लोकगीताची चालही आढळते.

१९७० नंतरच्या दशकात तो कॅनडियन पियानोवादक ऑस्कर पीटर्सनचा सहवादक झाला. पीटर्सन व गिटारवादक जो पास यांच्यासह शिकागो येथे १९७३ मध्ये केलेल्या द ट्रायो या ध्वनिमुद्रिकेला ग्रॅमी पुरस्कार लाभला. १९९३ मध्ये पीटर्सनला पक्षाघात झाला. त्यातून सावरून तो पुन्हा वाजवू लागला, तेव्हाही पेडर्सनने त्याला साथ केली. १९९१ मध्ये पेडर्सनला नॉर्डिक परिषदेचा संगीत पुरस्कार मिळाला.

कोपनहेगनजवळील ईशॉय येथे त्याचे निधन झाले. अमेरिकेत उगम पावलेल्या कलेत यूरोपीय वादक केवळ अनुकरण करू शकतो, हा समज खोटा ठरविणाऱ्या कलावंतांत त्याची गणना होते.