लग्नमंडपातील छापील कागद : पंचांग, पत्रिका आणि १८८७ चा पूजाविधी

मराठी मुद्रणाचा इतिहास सामान्यतः ग्रंथ आणि नियतकालिके यांच्या आधारे लिहिला जातो. एखाद्या दिवसापुरते छापलेले आणि तो दिवस मावळताच निरुपयोगी ठरणारे कागद अभ्यासकाच्या दृष्टीस क्वचितच पडतात. अशा कागदांत लग्नसमारंभाच्या निमित्ताने पाहुण्यांच्या हाती येणारे कागद संख्येने मोठे आहेत. निमंत्रणपत्रिका, मंगलाष्टकांची पत्रके, विवाहविधीच्या लहान पुस्तिका इत्यादी साहित्य घरोघरी माळ्यावर पडून नाहीसे होते. परंतु विवाहसंस्काराचा शब्द कोणाच्या स्वाधीन होता आणि तो कोणाकडून कोणाकडे गेला, या प्रश्नाचा मागोवा घ्यावयाचा झाल्यास या कागदांइतके बोलके साधन दुसरे नाही.

छपाईपूर्व काळात लग्नाला दोन गोष्टींची लेखी वा तोंडी तजवीज लागे : मुहूर्त आणि आमंत्रण. ‘लग्नपत्रिका’ या शब्दाचा मूळ संबंध पहिल्या गोष्टीशी आहे. जोशाने लग्नघटिका काढून हाताने लिहिलेला, कुंकू लावलेला, उभय पक्षांमधील तो लेख असे. पाहुण्यांना बोलावणे गेले ते अक्षत देऊन, म्हणजे घरोघर प्रत्यक्ष जाऊन. सारांश, लग्नाचा लेख पाहुण्यासाठी नव्हता. पाहुण्याला मिळत असे तो तोंडचा शब्द.

या व्यवस्थेत पहिला फरक पडला तो पंचांगामुळे. गणपत कृष्णाजी यांनी मुंबईत शिळाछापावर १८३१ साली मराठी पंचांग छापले. छापील कागदाला शिवण्याची धास्ती त्या वेळी सोवळ्या मंडळींत होती. शाईत चरबी असल्याचा संशय दूर व्हावा म्हणून गणपत कृष्णाजींनी शाईसाठी तूप वापरले, अशी हकीकत सांगितली जाते. पुढे जावजी दादाजी यांनी १८६४ साली टाइपांचा कारखाना आणि १८६९ साली निर्णयसागर छापखाना काढला. अमेरिकन मिशनच्या छापखान्यात टॉमस ग्रॅहम यांच्या हाताखाली अक्षरे घडविण्याचे काम जावजींनी पाहिले होते, आणि त्यांच्या सुबक देवनागरी टाइपाने पोथी व पंचांग ही दोन्ही सामान्य गृहस्थाच्या आटोक्यात आणली. वधूवरांचे घटित पाहण्यासाठी जोशी हवाच होता. तथापि तो जे सांगतो ते छापील पानावर ताडून पाहण्याची सोय झाली, हा फरक लहान म्हणता येणार नाही.

मुहूर्त छापला गेला, पण संस्काराचे शब्द संस्कृतात व भिक्षुकाच्या मुखातच राहिले. कुणबी, माळी इत्यादी समाजांच्या लग्नांत गावजोशी मंगलाष्टके म्हणे. ती यजमानाला कळत नसत, पाहुण्यांनाही नसत. प्रत्येक अष्टकाच्या शेवटी ‘सावधान’ हा शब्द कानी पडला की अक्षता टाकावयाच्या, एवढाच पाहुण्यांचा वाटा. जोतीराव फुले यांनी ‘ब्राह्मणांचे कसब’ (१८६९) या पुस्तकात आणि ‘शेतकऱ्याचा असूड’ (१८८३) या ग्रंथाच्या पहिल्या प्रकरणात या व्यवहारावर टीका केली आहे. जन्मापासून मरणापर्यंतच्या प्रत्येक प्रसंगी शेतकऱ्याकडून दक्षिणा कशी घेतली जाते, याची ‘असुडा’तील यादी वाचताना लक्षात येते की फुल्यांचा आक्षेप पैशापुरता नव्हता. न कळणाऱ्या शब्दांवर माणसांची आयुष्ये बांधली जातात, हे त्यांना मुख्यतः खटकत होते.

सत्यशोधक समाजाची स्थापना २४ सप्टेंबर १८७३ रोजी झाली आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला या पद्धतीचा पहिला विवाह पुण्यात लागला. भटजीवाचून लग्न लावणे ही गोष्ट वाटते तितकी सोपी नव्हती. गावजोशाचे वतन होते, आणि त्याला न बोलाविता लग्न केले तरी आपला हक्क बुडत नाही, असे त्याचे म्हणणे असे. जुन्नर तालुक्यातील ओतूर येथे १८८४ साली झालेल्या अशा विवाहावरून दावा उभा राहिला आणि तो मुंबईच्या उच्च न्यायालयापर्यंत गेला. या हक्काविरुद्ध मुंबई इलाख्यात कायदा झाला तो पुढे १९२६ साली.

या वादाच्या ऐन मध्यावर, १८८७ साली, फुल्यांनी ‘सत्यशोधक समाजोक्त मंगलाष्टकांसह सर्व पूजाविधि’ ही पुस्तिका प्रसिद्ध केली. पहिल्या विवाहानंतर सुमारे चौदा वर्षांनी ती निघाली, ही गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. विधी आधी रूढ होऊ लागला, छापील संहिता मागाहून आली. गावोगावच्या लोकांना भटजीवाचून लग्न लावावयाचे तर पाठ असलेल्या माणसाची जागा घेणारे काही तरी हवे होते, आणि ते स्वस्त पुस्तिकेनेच साधणारे होते.

पुस्तिकेचे विशेष महत्त्व तिच्या मंगलाष्टकांत आहे. वृत्त जुनेच, शार्दूलविक्रीडित. मंडपातील कानाला ती चाल परकी वाटू नये अशी ही योजना दिसते. बदलले आहे ते बोलणारे माणूस. वर आणि वधू येथे स्वतः बोलतात. स्त्रियांना स्वातंत्र्याचा अनुभव नाही, तेव्हा त्यांचे हक्क देण्याची शपथ घ्यावी, असे वधू वराला सर्वांसमक्ष म्हणते. वर ते मान्य करतो. जमलेली मंडळी त्यामुळे आपोआप साक्षीदार होतात. मराठीत बोललेला करार त्यांना समजतो, आणि समजला म्हणूनच त्यांची साक्ष खरी ठरते.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. या पद्यांवरून त्या काळच्या सत्यशोधक विवाहांत वधू खरोखर असे बोलत होत्या, असा निष्कर्ष काढणे धाडसाचे होईल. संमतिवयाच्या १८९१ च्या कायद्याने वयोमर्यादा दहावरून बारा वर्षांवर नेली, एवढ्यावरून त्या काळच्या वधूंच्या वयाची कल्पना यावी. अशा अल्पवयीन आणि बहुधा निरक्षर मुलीच्या तोंडी हे शब्द कोणी तरी घालून द्यावे लागले असणार. पुस्तिका आचाराचा पुरावा म्हणून दुबळी आहे. आचार कसा असावा याविषयीचा आग्रह म्हणून मात्र तिची बरोबरी करणारा छापील कागद त्या काळच्या मराठी लग्नमंडपात आढळत नाही.

याच्या शेजारी छापील निमंत्रणपत्रिका ठेवून पाहावी. शहरांतून छोटे छापखाने वाढले तशी ती मध्यमवर्गात रुळली, आणि जोशाच्या लेखाचे नाव पाहुण्यांच्या कागदाला मिळाले. माथ्यावर श्रीगणेश व कुलस्वामिनी ‘प्रसन्न’, कोपऱ्यांत कुंकवाची बोटे, तांबड्या शाईत गणपतीचा ठसा, भोवती वेलबुट्टीची चौकट. खिळे जुळविणाऱ्याला मजकूर तोंडपाठ. ‘आमचे येथे श्रीकृपेकरून’ येथून सुरुवात, मध्ये ‘शरीरसंबंध करण्याचे योजिले आहे’, शेवटी सहकुटुंब सहपरिवार येण्याची विनंती. (‘शरीरसंबंध’ हा शब्द आजच्या वाचकाला दचकवतो, जुन्या पत्रिकांत त्याचा अर्थ सोयरीक एवढाच.) या मजकुरात कर्ता एकच : वधूचा वा वराचा पिता, किंवा घरातील वडीलधारा पुरुष. वधू ‘चि. सौ. कां.’ या उपाधीने येते. योजिले जाते ते तिच्याविषयी. आईचे नाव जुन्या पत्रिकांत अभावानेच दिसते. नावांचा क्रम, पदव्यांचा उल्लेख, निमंत्रकांची लांबलचक यादी हे सारे कुळाच्या प्रतिष्ठेचे दप्तर होते, आणि छापखान्यात मुद्रिते तपासताना शुद्धलेखनापेक्षा कोणाचे नाव राहिले याची चिंता अधिक असे, हे साहजिकच होय.

तिसरा कागद मंगलाष्टकांच्या पत्रकाचा. विसाव्या शतकात घरच्या आत्याने, काकाने किंवा एखाद्या हौशी मित्राने वधूवरांची नावे गुंफून मराठी मंगलाष्टके रचावी, ती पिवळ्या वा गुलाबी पातळ कागदावर छापून पाहुण्यांना वाटावी, ही प्रथा ब्राह्मण व इतर पांढरपेशा कुटुंबांतही पसरली. मराठी पद्य, जुने वृत्त, भिक्षुकाखेरीज इतरांनी म्हणणे ही तिन्ही लक्षणे १८८७ च्या पुस्तिकेत आधीच आहेत. तिच्या अनुकरणाने ही पत्रके निघाली असे म्हणण्यास आधार नाही. परंतु साम्य डोळ्यांत भरते, आणि भेदही. पत्रकांत वधू बोलत नाही. तिला सासरी कसे वागावे याचा उपदेश केला जातो, माहेरच्यांच्या डोळ्यांत पाणी आणले जाते. मराठी भाषा भिक्षुकाच्या शेजारी उभी राहिली, पण वधूचा प्रश्न मंडपाबाहेरच राहिला. १९५६ च्या धर्मांतरानंतर बौद्ध विवाहविधीच्या ज्या छोट्या पुस्तिका घरोघर गेल्या, त्यांत मात्र जमलेल्या सर्वांनी त्रिशरण-पंचशील म्हणावयाचे असल्याने पाहुण्याचा वाटा पुन्हा अक्षतेपलीकडे गेला.

आज महाराष्ट्रात विवाहनोंदणीच्या अर्जाला इतर कागदांबरोबर लग्नपत्रिका जोडण्याचा प्रघात आहे. पाहुण्यांसाठी छापलेला कागद अशा रीतीने पुन्हा लग्नाचा लेख झाला आहे. त्या पत्रिकेवर निमंत्रक म्हणून बहुधा वडीलधाऱ्यांचीच नावे असतात. अर्जावर सही वधूला स्वतः करावी लागते.