संसदेच्या आवारातलं उंचावलेलं बोट

आज दिल्लीत जाऊ, थेट संसदेच्या आवारात.

तिथे बाबासाहेब आंबेडकरांचा ब्राँझचा पुतळा आहे. उंची ३.६६ मीटर. डाव्या हातात संविधान, उजव्या हाताचं बोट उंचावलेलं. हा पुतळा घडवला मुंबईचे शिल्पकार ब्रह्मेश वाघ यांनी. आंबेडकर स्मारक समितीने तो संसदेला भेट दिला आणि २ एप्रिल १९६७ रोजी राष्ट्रपती राधाकृष्णन यांनी त्याचं अनावरण केलं.

पण मला सांगायचीय ती त्याच्या आधीची गोष्ट. काळाराम मंदिर सत्याग्रहातले नाशिकचे दादासाहेब गायकवाड आठवतात ना? १९६४ मध्ये रिपब्लिकन पक्षाने त्यांच्या नेतृत्वाखाली पंतप्रधान लालबहादूर शास्त्रींना मागण्यांची सनद दिली. त्यात होतं, बाबासाहेबांचं तैलचित्र संसदेच्या सेंट्रल हॉलमध्ये लावा. त्याच कागदावर होतं, पडीक जमीन भूमिहीनांना द्या, किमान वेतन कायदा पाळा, बौद्धांना अनुसूचित जातींच्या सवलती द्या. त्या वर्षी ६ डिसेंबरला, महापरिनिर्वाण दिनी, सत्याग्रह सुरू झाला. देशभर लाखो माणसं तुरुंगात गेली. त्यांत बायका होत्या, शेतमजूर होते.

आता वर्षं मोजा. पुतळा उभा राहिला तीन वर्षांच्या आत. तैलचित्र लागलं १२ एप्रिल १९९० रोजी, म्हणजे २६ वर्षांनी. केंद्राने बौद्धांना सवलती दिल्या, त्याही १९९० मध्येच. आणि जमीन? तो प्रश्न गावोगाव अजून तसाच आहे.

म्हणून मला वाटतं, पुतळा देणं सोपं असतं, सातबारा देणं अवघड. पण म्हणून पुतळ्याला कमी लेखू नका. ज्यांना चवदार तळ्याचं पाणी शिवू दिलं जात नव्हतं, त्यांनी आपला माणूस देशाच्या सर्वोच्च सभागृहाच्या दारात उभा केला. त्या माणसांसाठी हाही हक्कच होता.

जून २०२४ मध्ये हा पुतळा जुन्या जागेवरून हलवून त्याच आवारातल्या 'प्रेरणा स्थळा'वर नेला. एकाच जागी सगळे पुतळे लोकांना नीट पाहता येतील, असं लोकसभा सचिवालयाचं म्हणणं. खासदार जिथे निदर्शनं करत, ती जागाच गेली, असा विरोधकांचा आक्षेप.

वाद जागेचा आहे, ठीक आहे. पण पुतळ्यासमोर हात जोडताना १९६४ चा तो कागद आठवा. त्यावरच्या किती मागण्या आज पुऱ्या झाल्यात, हे आपल्या गावापुरतं तरी तपासा.

जय भीम. भेटू पुढच्या भागात.