नागपूरची मुलांची मैदाने

मैदाने, मुलांची (नागपूर) : मुलांनी उघड्यावर खेळावे यासाठी राखलेल्या, तसेच मुलांनी स्वतःच खेळासाठी ताब्यात घेतलेल्या शहरातील जागा. यांत जुनी ऐतिहासिक मैदाने, शाळांची पटांगणे, महानगरपालिका व नागपूर सुधार प्रन्यास यांची उद्याने आणि ले-आउटमधील ‘ओपन स्पेस’ असे प्रकार येतात. शेवटचा प्रकार आकाराने सर्वांत लहान आणि दर्जाने सर्वांत उपेक्षित असतो. मुलांच्या दृष्टीने मात्र तोच मोलाचा. आठ वर्षांचे मूल मोठ्या माणसाचा हात न धरता जिथवर जाऊ शकते तेवढेच मैदान त्याचे. हा निकष लावला तर नागपूरची नामवंत मैदाने मुलांच्या हिशेबात फारशी येत नाहीत.

नामवंत मैदानांत कस्तुरचंद पार्कचा मान पहिला. कामठीच्या डागा या सावकारी घराण्यातील सर कस्तुरचंद डागा यांचे नाव त्याला आहे. मधोमध छत्रीवजा वास्तू असलेले हे विस्तीर्ण मैदान शहराच्या वारसा यादीत आहे. २०१८ मध्ये येथे खोदकामात ब्रिटिश काळातील तोफा सापडल्या. महालातील चिटणीस पार्क, रेशीमबाग आणि धंतोलीतील पटवर्धन मैदान (त्याला लागून पुढे यशवंत स्टेडियम झाले) ही अन्य प्रसिद्ध नावे. या मैदानांचा इतिहास मुख्यतः सभांचा, संचलनांचा आणि प्रदर्शनांचा आहे. मांडव उतरला की खांबांचे खड्डे, खिळे आणि सुतळीचे तुकडे मागे उरतात, आणि पुढचे काही दिवस तेथे अनवाणी धावणे धोक्याचे असते. मैदान भाड्याने देणाऱ्याच्या हिशेबात हा खर्च कोठे धरलेला नसतो.

व्यायामशाळांची परंपरा या भागात जुनी आहे. १९२५ मध्ये नागपुरात स्थापन झालेल्या राष्ट्रीय स्वयंसेवक संघाने रोजच्या शाखेत खेळांना जागा दिली. शेजारच्या अमरावतीत १९१४ मध्ये वैद्य बंधूंनी सुरू केलेल्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी देशी खेळांची प्रात्यक्षिके दाखवली. मात्र व्यायामशाळेत उस्ताद असतो, शिट्टी असते आणि वेळ ठरलेली असते. मोकळा खेळ ही याहून वेगळी गोष्ट आहे.

माती आणि हवा : नागपूरच्या बऱ्याच भागांत काळी माती आहे. ती उन्हाळ्यात भेगाळते, पावसात चपलेला गोळ्यागोळ्याने चिकटते. म्हणून खेळाच्या जागी मुरूम टाकून दाबण्याची पद्धत पडली. खो-खो, कबड्डी यांना तो बरा, पण गुडघे सोलण्यातही त्याचा हात कोणी धरणार नाही. २०१३ च्या मे महिन्यात येथे ४७.९ अंश सेल्सिअस तापमान नोंदले गेले. विदर्भातील शाळा उर्वरित महाराष्ट्रापेक्षा उशिरा, जूनच्या अखेरीस उघडतात, त्याचे कारण हेच ऊन. त्यामुळे मोठी सुट्टी असूनही मे महिन्यात खेळाला सकाळी आठपर्यंतचा आणि सूर्य कलल्यानंतरचा, असा दोन टोकांचाच वेळ मिळतो. दिवसाच्या बाकीच्या वेळात लोखंडी घसरगुंडीला हात लावण्याचीही सोय नसते. उद्यानात खेळणी बसवताना त्यांच्यावर झाडाची सावली दुपारी कोणत्या बाजूने येईल हे पाहणे नागपुरात चैन नव्हे, पहिली गरज आहे. खेळाचा खरा हंगाम दिवाळीपासून होळीपर्यंतचा.

खेळ : रेसटीप, नदी-पहाड, लगोरी, बिल्लस, कंचे, भोवरा, गिल्ली-दंडा, डाबडुबली, आट्यापाट्या ही वऱ्हाड-नागपूरकडील जुन्या खेळांची ढोबळ यादी. प्रत्येक खेळ जमिनीकडून काहीतरी मागतो. कंच्यांना मातीत गल खोदावी लागते. गिल्लीला खाच हवी. डाबडुबलीत रिंगणातली काठी पायाखालून दूर भिरकावतात आणि डाव असलेला गडी ती आणेपर्यंत बाकीचे झाडावर चढतात. त्यासाठी खाली फांद्या असलेले आंब्यासारखे झाड लागते. शोभेच्या उंच पामवृक्षावर हा खेळ होत नाही. आट्यापाट्यांत नऊ आडव्या पाट्या आणि त्यांना मधोमध छेदणारी सूरपाटी आखतात, म्हणजे लांबलचक सपाट जागा आली. नागपुरात रस्ते सिमेंटचे झाले, कडेला गट्टू (पेव्हर ब्लॉक) बसले, आणि गल व खाच यांना जागा उरली नाही. सिमेंटवर टेनिस बॉल मात्र छान उसळतो. जुने खेळ मोबाइलने मारले असे सरसकट म्हटले जाते. त्याआधी त्यांची माती गेली होती.

तान्हा पोळा हा या परंपरेतील सर्वांत नागपुरी प्रकार. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मुले चाकांचे लाकडी बैल सजवून चौकात किंवा मैदानात रांगेने उभे करतात आणि नंतर घरोघर नेऊन बोजारा (खाऊ वा पैसे) मागतात. या प्रथेचे श्रेय भोसले राजघराण्याला दिले जाते. वर्षातील एक दिवस तरी शहरातील सार्वजनिक जागा मुलांच्या नावावर होते, म्हणून कोशकाराला हा सण इथे नोंदवावासा वाटतो.

गल्लीतील कायदा : मोकळ्या खेळाचे मूल्य सांगताना बहुधा स्नायू आणि फुप्फुसे यांचीच गोष्ट केली जाते. त्याहून नवलाची गोष्ट म्हणजे मुले तिथे कायदे करतात. बॉल समोरच्या कंपाउंडमध्ये थेट गेला तर आउट. ज्याने मारला त्यानेच आणायचा. भिंतीला लागून एका हातात झेल आला तर बाद. बॅट ज्याची त्याला पहिली बॅटिंग, पण दोनदा आउट झाला की तक्रार चालणार नाही. हे नियम जागेप्रमाणे बदलतात आणि भांडणातूनच पक्के होतात. फार लहान भावंडाला ‘कच्चा लिंबू’ करून खेळवतात : तो पळतो, ओरडतो, पण त्याच्यावर डाव येत नाही. कमकुवताला बाहेर न काढता खेळ चालू ठेवण्याची ही युक्ती कोणत्याही क्रीडा नियमपुस्तिकेत नाही. प्रशिक्षकाच्या शिबिरात मूल तंत्र शिकते. मात्र डाव मोडण्याच्या बेतात असताना दोन्ही बाजूंना पटेल असा तोडगा काढणे तिथे त्याच्या वाट्याला क्वचितच येते, कारण पंच हजर असतो. पालक हल्ली शिबिराची फी भरतात आणि मैदानाला वेळ देत नाहीत. हा व्यवहार तोट्याचा आहे.

नागपूरचा अनुभव याला पुष्टी देतो. खापरखेड्याजवळच्या वलनी येथील कोळसा खाणीच्या वसाहतीत वाढलेला उमेश यादव टेनिस बॉलवर वेगवान गोलंदाजी करत मोठा झाला. लेदर बॉल त्याच्या हाती उशिरा आला, आणि २०११ मध्ये तो भारतासाठी कसोटी खेळला. दुसरे उदाहरण फुटबॉलचे. हिस्लॉप महाविद्यालयातील क्रीडा शिक्षक विजय बारसे यांना पावसात फुटकी बादली लाथाडत खेळणारी वस्तीतील मुले दिसली. त्यातून २००१ च्या सुमारास झोपडपट्टी फुटबॉल सुरू झाला आणि पुढे ‘स्लम सॉकर’ ही संस्था उभी राहिली. नागराज मंजुळे यांचा ‘झुंड’ (२०२२) हा चित्रपट याच कामावर बेतलेला आहे. बारसे यांनी खेळ नव्याने आणला नाही. चालू असलेल्या खेळाला त्यांनी बॉल आणि मैदान दिले. मुलांसाठी काम करणाऱ्यांनी हा क्रम लक्षात ठेवावा.

मुलींची गोष्ट वेगळी मांडावी लागते. बिल्लस आणि रेसटीपपर्यंत त्या सोबत असतात. सहावी-सातवीनंतर मैदानातून त्या हळूहळू दिसेनाशा होतात. कारणे ठाऊक आहेत : घरकाम, अंधार, टवाळखोरी, स्वच्छतागृहाचा अभाव. मैदानात दिवा आणि शौचालय नसेल तर ते निम्म्याच मुलांसाठी बांधले, असे समजावे.

आरोग्य : जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीनुसार ५ ते १७ वर्षांच्या मुलांनी दररोज सरासरी किमान ६० मिनिटे मध्यम ते तीव्र हालचाल करावी. उघड्यावर असण्याचा स्वतंत्र फायदा डोळ्यांना होतो. चीनमधील ग्वांगझू येथे पहिलीच्या मुलांना शाळेत रोज ४० मिनिटे जास्त बाहेर ठेवले, तेव्हा तीन वर्षांत नव्याने निकटदृष्टिता (दूरचे अस्पष्ट दिसण्याचा दोष) येण्याचे प्रमाण ३९.५ टक्क्यांऐवजी ३०.४ टक्के राहिले (निष्कर्ष २०१५ मध्ये प्रसिद्ध). येथे काम करतो तो बहुधा दिवसाचा लख्ख उजेड. बंद हॉलमधील बॅडमिंटनने घाम येईल, पण हा लाभ मिळणार नाही.

कायदा आणि जमीन : संयुक्त राष्ट्रांच्या बालहक्क संहितेच्या (१९८९) ३१ व्या कलमात खेळाचा हक्क आहे, भारताने ती १९९२ मध्ये स्वीकारली. शिक्षण हक्क कायद्याच्या (२००९) अनुसूचीत शाळेला मैदान असावे असे म्हटले आहे. जमिनीवरची लढाई मात्र महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियमाच्या (१९६६) १२७ व्या कलमाभोवती होते. विकास आराखड्यात खेळासाठी आरक्षित केलेली खासगी जमीन दहा वर्षांत संपादित झाली नाही, तर मालक खरेदीची सूचना देऊ शकतो, आणि ठरलेल्या मुदतीत पावले उचलली नाहीत तर आरक्षण संपते. नकाशावरचे हिरवे चौकोन असेच एकेक करून पुसले जातात.

ले-आउट पाडताना खेळ-करमणुकीसाठी साधारण दहा टक्के मोकळी जागा सोडावी लागते. १९३६ च्या अधिनियमाने स्थापन झालेल्या सुधार प्रन्यासाच्या देखरेखीखाली वाढलेल्या नागपुरात अशा ओपन स्पेस पुष्कळ आहेत. त्यांचा प्रवास बहुधा एकाच वाटेने जातो. आधी काटेरी झुडपे आणि क्रिकेट, मग एका कोपऱ्यात देऊळ, दुसऱ्यात समाजभवन, मग चालण्याचा गट्टूंचा ट्रॅक, लॉन, ग्रीन जिम, कुंपण, कुलूप आणि शेवटी ‘येथे क्रिकेट खेळण्यास सक्त मनाई आहे’ ही पाटी. ज्येष्ठांना फिरायला जागा हवी यात वाद नाही. पण झुडपे साफ करून ती जागा प्रथम वापरात आणणारी मुलेच तिथून सर्वांत आधी हद्दपार होतात.

अशा लहान तुकड्यांचे काय होऊ शकते याचा नमुना ॲम्स्टरडॅममध्ये आहे. वास्तुरचनाकार आल्डो फान आयक यांनी १९४७ पासून तेथील रिकामे कोपरे आणि पडीक जागा घेऊन सातशेहून अधिक क्रीडांगणे घडवली. साहित्य अगदी साधे : वाळूचा हौद, उड्या मारण्याचे ठोकळे, लोखंडी कमानी. कोणती वस्तू कशी खेळायची हे ठरलेले नसे. कोपनहेगनजवळच्या एमड्रुप येथे १९४३ मध्ये तर मुलांना फळ्या, विटा आणि हातोड्या देऊन मैदान त्यांच्यावरच सोपवले गेले.

नागपुरात इतके धाडस लागणार नाही. महापालिकेच्या आणि अनुदानित शाळांची पटांगणे शाळा सुटल्यावर बहुधा बंद असतात. ती संध्याकाळी पाच ते सात वस्तीतील मुलांना उघडी ठेवण्यासाठी एक चौकीदार, दोन दिवे आणि पाण्याचा नळ एवढा खर्च पुरतो. ओपन स्पेसच्या निम्म्या भागात गट्टू न बसवता माती तशीच राखायला तर काहीच खर्च येत नाही.